आमदार बोलले होते

लोकशाहीत शेवटच्या माणसाचा आवाजही सभागृहापर्यंत पोहोचतो. हे वाक्य मी शाळेत नागरिकशास्त्राच्या तासाला किती वर्षं शिकवलं ते आता आठवत नाही. त्यावर मी दोन गुणांचा प्रश्न काढायचो आणि मुलं पैकीच्या पैकी गुण घ्यायची. आमच्या मतदारसंघाचा आवाज खरोखरच सभागृहात पोहोचला, तेव्हा मी वर प्रेक्षक गॅलरीत बसलो होतो. चार वाक्यं पोहोचली. मग घंटा वाजली.

आमदार यंदा दिवाळीनंतर गेले. ते एकदाच निवडून आले होते आणि पडूनही पुष्कळ वर्षं झाली होती, पण गावात त्यांना शेवटपर्यंत आमदारच म्हणत. 'माजी' हा शब्द आमच्याकडे लग्नपत्रिकेत आणि बॅनरवर छापतात, तोंडाने कोणी म्हणत नाही. त्या पाच वर्षांत मी त्यांचा स्वीय सहायक होतो. शाळेने मला त्यांच्याकडे उसनं दिलं होतं. मला सोडताना मुख्याध्यापकांना जो आनंद झाला, तो मी मनाला लावून घेतला नाही.

ते गेल्याचा निरोप आल्यावर मी त्यांच्या घरी गेलो. घरापुढच्या खळ्यात खुर्च्या मांडल्या. जिल्ह्याच्या पेपरांना कळवलं. मोठ्या लोकांचे शोकसंदेश जमवले. त्यातले दोन मीच लिहून दिले, कारण त्या मोठ्या लोकांना आमदारांबद्दल काय लिहावं ते सुचत नव्हतं. स्मशानातून परत आल्यावर आंघोळ केली आणि जेवलो. भाताला मीठ कमी होतं, एवढं लक्षात आहे. बाकी काहीतरी वाटायला हवं होतं. ते मागाहून वाटेल, अशी माझी समजूत होती.

बारावं होऊन दोन दिवस झाले होते, तेव्हा ओरोसच्या जिल्हा कचेरीतून फोन आला. बोलणारा कारकून नम्र होता.

"सर, येत्या अधिवेशनात साहेबांचा शोकप्रस्ताव आहे. त्यांचा थोडक्यात परिचय हवा होता. अर्धं पान."

"कधीपर्यंत?"

"आज पाचपर्यंत. वरून एक नमुना आलाय, तो तुम्हाला व्हॉट्सअ‍ॅपवर टाकतो. तसाच करा, म्हणजे परत येणार नाही."

नमुना म्हणजे पूर्व विदर्भातल्या एका दिवंगत सदस्यांचा परिचय होता. ते गृहस्थ याच प्रस्तावात होते. त्यांच्या लोकांनी वेळेत काम केलं होतं, म्हणून ते इतरांसाठी नमुना झाले. त्यांना समाजकार्याची आवड होती. ग्रामीण भागातील शेतकरी व कष्टकरी यांच्या प्रश्नांविषयी त्यांना तळमळ होती. त्यांच्या निधनाने एक अनुभवी लोकप्रतिनिधी आपल्यातून निघून गेला होता. मी तो दोनदा वाचला. नाव बोटाने झाकलं तर तो कोणाचाही परिचय होता. मुख्याध्यापकांचाही चालला असता.

मी चष्मा बदलून मोबाइलवरच बसलो. नमुन्याची एक प्रत काढली, तिच्यात नाव बदललं, जन्मगाव बदललं, शिक्षणाच्या जागी जुनी मॅट्रिक टाकलं. तळमळ तशीच ठेवली. साडेचारला पाठवून दिलं. एका माणसाच्या आयुष्याला जेमतेम पाऊण तास लागला आणि त्यातला अर्धा वेळ अक्षर मोठं कसं करायचं ते शोधण्यात गेला.

मग वाटलं, वैनींना वाचून दाखवावं. वैनी म्हणजे आमदारांची बायको. मी गेलो तेव्हा त्या पडवीत बसून वाल सोलत होत्या. त्यांना डाव्या कानाने ऐकू येत नाही, म्हणून मी उजवीकडे बसलो आणि मोठ्याने वाचलं. त्यांनी हातातलं काम न थांबवता ऐकून घेतलं.

"बरा लिवलास," त्या म्हणाल्या. "पण बोललेत ता खंय आसा?"

"काय बोललेले?"

"थंय, नागपुराक. माझ्या म्हायारच्या बांदाचा."

मी मोबाइल खाली ठेवला. हे त्यांना ठाऊक आहे, हे मला ठाऊक नव्हतं.

आमदार निवडून आले ते आवाजावर. आमच्या भागात कुठलंही काम सुरू करताना देवाला गाऱ्हाणं घालतात. होडी पाण्यात ढकलायची असो, दुकान उघडायचं असो, नाहीतर पोराला मुंबईला पाठवायचं असो, एक जाणता माणूस देवासमोर उभा राहतो आणि सगळ्यांच्या वतीने मोठ्याने सांगतो. तो एक वाक्य बोलतो आणि थांबतो. जमलेले लोक 'व्हय म्हाराजा' म्हणतात. मग तो पुढचं वाक्य बोलतो. हा होकार आल्याशिवाय पुढे जायचं नसतं, कारण मागचं वाक्य एकट्याचं होतं की सगळ्यांचं, ते ठरलेलं नसतं.

आमदारांच्या घराण्याकडे गाऱ्हाण्याचा मान होता आणि त्यांच्यासारखं गाऱ्हाणं पंचक्रोशीत कोणी घालत नसे. क्रिकेटच्या स्पर्धेलाही त्यांना नेत. "बा देवा म्हाराजा, आज ही जी काय पोरां बॅटी घेवन तुझ्या दारात उभी आसत, तेंका हातापायान सुखरूप ठेव." व्हय म्हाराजा. "आणि त्या अंपायराक बरी नजर दी." व्हय म्हाराजा. हे ते अजिबात न हसता म्हणत. देवाशी बोलताना विनोद करायची त्यांची पद्धत नव्हती. अंपायरची नजर हा त्यांना खराच प्रश्न वाटे.

एका वर्षी पक्षाच्या कार्यालयाचं उद्घाटन होतं. बाहेरून आलेल्या एका मोठ्या पुढाऱ्याने ते गाऱ्हाणं ऐकलं आणि म्हणाला, "हा माणूस बोलतो." उमेदवारी ठरवायचा हा निकष मी तोपर्यंत पोपटाच्या बाबतीत ऐकला होता. पण पक्षाकडे दुसरं कोणी उभं राहायला तयार नव्हतं. हे राहिले, आणि निवडून आले. सगळ्यांना आश्चर्य वाटलं, त्यांना सर्वांत जास्त.

आमदारकीचं काम बाहेरून दिसतं तसं नसतं. ते बहुतांशी पत्रांचं असतं. कंडक्टरची बदली, पोराचा दाखला, देवगडच्या बागायतदाराला ट्रान्सफॉर्मर. 'सदर व्यक्ती माझ्या परिचयाची असून' अशी सुरुवात मी करायचो आणि खाली ते सही करायचे. पाच वर्षांत जिल्ह्यात त्यांच्या परिचयाचं नसलेलं कोणी उरलं नाही. उरलेला वेळ लग्नांत जायचा. मे महिन्यात आम्ही एका दिवसात इतक्या ठिकाणी जेवायला बसायचो की जीपचा ड्रायव्हर म्हणे, "सायबानू, आता फक्त हात धुवन येवया." हा ड्रायव्हर आमच्याच वाडीच्या पलीकडचा, ख्रिस्ती. घाटाच्या पायथ्याशी फोंडाघाटच्या बाजारात चहा घेतल्याशिवाय आणि छातीवर क्रूस काढल्याशिवाय तो गाडी वर चढवत नसे. दोन्हींपैकी चहा विसरला तर परत फिरायचा.

वैनींनी नवऱ्याकडे एकच गोष्ट मागितली होती. त्यांचं माहेर खाडीकाठी. तिथला बंधारा फुटला होता आणि भरतीचं खारं पाणी भाताच्या मळ्यांत शिरायचं. एकदा मीठ मुरलं की जमीन भात विसरते. निवडून आल्याच्या दिवशी, अंगावर गुलाल असतानाच, वैनी त्यांना म्हणाल्या होत्या, "माका दुसरा कायेक नको. माझ्या भावाचो बांद तेवढो बोला." आमदारांनी मान हलवली होती. पहिली तीन वर्षं अर्जांवर गेली. चौथ्या वर्षी नागपूरच्या अधिवेशनात, पुरवणी मागण्यांच्या चर्चेत, त्यांना बोलायला वेळ मिळाला. तीन मिनिटं.

आम्ही जीपने गेलो. दोन दिवसांचा रस्ता. सभागृहात भाषण कागदावरून वाचायचं नसतं, पाठ पाहिजे. आणि ते बोलीत नाही, पुस्तकी मराठीत पाहिजे, असं मी त्यांना सांगितलं. हे कुठल्या नियमात आहे ते त्यांनी विचारलं नाही, हे माझं नशीब. मी पाच वाक्यं लिहून दिली. चार बंधाऱ्याची, पाचवं आभाराचं. त्यांना ती पाठ होईनात. 'तिथे' म्हणायच्या जागी 'थंय' यायचं आणि ते गप्प व्हायचे. शेवटी घाट चढता चढता ड्रायव्हर म्हणाला, "मास्तर, गाऱ्हाण्यासारख्या घालूंदेत. मगे येतला."

आणि खरंच आलं. ते एक वाक्य म्हणायचे, आम्ही दोघं म्हणायचो, "व्हय म्हाराजा." मग दुसरं. ड्रायव्हर एकदा सवयीने 'आमेन' म्हणाला, तेव्हा आमदारांनी ते वाक्य परत म्हणून घेतलं. कोल्हापूर आलं तोवर भाषण पाठ झालं होतं. नागपूरपर्यंत आम्ही ते किती वेळा म्हटलं कोण जाणे. शिकवण्याच्या माझ्या साऱ्या नोकरीत इतका चांगला निकाल मला दुसऱ्या कुठल्या विद्यार्थ्याने दिला नाही.

सभागृहात त्यांचं नाव पुकारलं गेलं तेव्हा ते कानटोपी काढून उभे राहिले. नागपूरची थंडी त्यांना सोसत नव्हती. तिथे अध्यक्षांना 'अध्यक्ष महाराज' म्हणायची रीत आहे; ते त्यांना फार पटलं होतं.

"अध्यक्ष महाराज, माझ्या मतदारसंघातला खाडीकाठचा बंधारा फुटलेला आहे."

आणि ते थांबले. हात पुढे जुळलेले, मान किंचित खाली. देवळात उभे राहायचे तसेच.

कोणी काही म्हणालं नाही. अध्यक्षांनी कागदांतून मान वर केली आणि म्हणाले, "बोला." ते आमदारांना पुरलं.

"भरतीचं खारं पाणी भातशेतीत शिरतं आणि तीन वर्षं तिथे दाणा पिकलेला नाही."

परत थांबले. ते गोंधळले नव्हते. ते वाट पाहत होते. लोक कधीकधी उशिरा म्हणतात, तसं त्यांना वाटलं असावं. मागच्या बाकावर कोणीतरी हसलं. कोणीतरी म्हणालं, "झालं वाटतं." त्यांनी वर गॅलरीकडे पाहिलं. मला शोधत होते की देवाला, ते सांगता येत नाही. दिशा एकच होती. माझ्या तोंडात तो शब्द तयार होता. गॅलरीत बोलायला बंदी असते. दोन पावलांवर मार्शल उभा होता. मी नियम पाळणारा माणूस आहे.

"तिथल्या लोकांनी अर्ज केले, अर्जांना उत्तरं आली, पण पाण्याला कोणी उत्तर दिलं नाही." थांबले. "तो बंधारा यंदा बांधून द्यावा, एवढंच माझं मागणं आहे." थांबले. अध्यक्षांनी घंटा वाजवली. तीन मिनिटं झाली होती. आभाराचं वाक्य राहिलं आणि ते खाली बसले.

बाहेर उपाहारगृहात त्यांनी चहा मागवला आणि प्यायला नाही.

"मास्तरानू, कोण व्हय म्हणाक नाय."

"तशी पद्धत नाही तिथे."

"मगे मी सांगलंय कोणाक?"

याचं उत्तर नागरिकशास्त्राच्या पुस्तकात असणार, पण मला त्या वेळी आठवलं नाही. थोड्या वेळाने ते म्हणाले, "गावात सांगा नकात." मी म्हटलं, नाही सांगणार. त्याच संध्याकाळी आमच्याकडच्या एका साप्ताहिकाच्या वार्ताहराचा फोन आला. आमदार बोलले का, त्याने विचारलं. मी म्हणालो, नाही, त्यांना वेळ मिळाला नाही. पुढच्या अंकात चौकट आली, आमदारांचं मौन कायम. ती चौकट मी माझ्या हाताने रचली होती. वार्ताहराने फक्त मथळा दिला.

पुढची निवडणूक त्या चौकटीवर झाली. समोरच्या उमेदवाराने एक रिक्षा काढली होती. कर्ण्यावरून आधी घोषणा व्हायची, "आयका, आपल्या आमदारांचा विधानसभेतला भाषण." मग कर्णा बंद, आणि रिक्षा सबंध बाजारपेठेतून मुकाट्याने हळूहळू जायची. लोक दुकानांतून बाहेर येऊन ऐकायचे. आमच्या ड्रायव्हरने दोनदा ऐकलं. "साउंड बरो होतो," एवढंच म्हणाला. आमदार पडले. पडले याचं त्यांना फारसं वाटलं नाही. पण त्यांनी गाऱ्हाणं घालायचं सोडलं. कोणी बोलवायला आलं की म्हणत, "घसो बसलोहा." घसा तसा बसला नव्हता, बाजारात माशाचा भाव करताना तो चांगला ऐकू यायचा. आता गावात दुसरा एक जण माइकवर गाऱ्हाणं घालतो. तो होकाराची फारशी वाट बघत नाही.

बंधाऱ्याचं म्हणाल तर नंतरच्या आमदारांनी तो बांधला. तिथे कोनशिला आहे. भरतीचं पाणी तिला वळसा घालून आत येतं.

हे सगळं मला पडवीत, वैनींच्या उजव्या बाजूला बसून आठवलं.

"तुम्हाला त्यांनी सांगितलं होतं?" मी विचारलं.

"नाय. काजी पुंजावताना बोलायचे. बागेत. एक वाक्य बोलायचे, मगे गप. परत एक, मगे गप. माका वाटायचा, इसारले." त्यांनी एक शेंग मोडली. "चार वाक्यां. माका पाठ झाली."

"मग तुम्ही विचारलं नाहीत?"

"तेनी सांगूक नाय, मी इचारूक नाय."

बागेत त्या चार पावलांवर काजू वेचत होत्या आणि ते थांबत होते. तिथे मार्शलही नव्हता. पण त्यांना तरी काय माहीत, त्या जागी काय म्हणायचं असतं.

"माझो भाव दर गणपतीक बोलता," वैनी म्हणाल्या. "तुझ्या घोवान थंय तोंड उघडूक नाय. इतकी वर्सां मी आयकतंय. आता ता सरकारानच सांगूंदेत. तेच्या समोर. तितक्या तुमी करा, मास्तरानू. दुसरा कायेक नको."

दुसरं काही नको, हे त्या आयुष्यात दुसऱ्यांदा म्हणत होत्या. वस्तू तीच होती.

घरी येऊन मी जुनी पेटी काढली. सभागृहात बोललेल्या प्रत्येक शब्दाची प्रत सदस्याकडे दुरुस्तीसाठी येते. ती आली तेव्हा आमदारांनी वाचायला नकार दिला होता आणि मी ती ठेवून दिली होती. पान पिवळं पडलं होतं, पण मजकूर स्वच्छ होता. चार वाक्यं, एकाखाली एक. हसणं नव्हतं. 'झालं वाटतं' नव्हतं. थांबणं तर नव्हतंच. गप्प राहणं लघुलेखनात उतरत नाही. ज्याला काही माहीत नाही त्याने वाचलं असतं, तर तो म्हणाला असता की हा माणूस मोजकं आणि ठाम बोलत होता. मी ते उभ्याने दोनदा वाचलं आणि चहा ठेवायला गेलो.

मग कारकुनाला फोन केला. "एक वाक्य वाढवायचं आहे."

"सुधारित प्रत पाठवा सर, मी वर कळवतो. शेवटी आलेली प्रतच धरतात."

मोबाइलवर दोन फाइली होत्या, एक नमुन्याची आणि एक आमची. दोन्हींची नावं म्हणजे नुसते लांबलचक आकडे. मी उघडली, शेवटी गेलो, तळमळीच्या खाली वाक्य घातलं: 'खाडीकाठचा बंधारा फुटून समुद्राचे खारे पाणी भातशेतीत शिरत असल्याचा प्रश्न त्यांनी सभागृहात प्रभावीपणे मांडला होता.' पाठवली. मिळाली, असं उत्तर आलं. मला बरं वाटलं. बऱ्याच दिवसांनी काहीतरी वाटलं, म्हणून ते लक्षात राहिलं.

अधिवेशनाच्या पहिल्या दिवशी आम्ही वैनींच्या घरी जमलो. मुलगा गोव्यात नोकरीला असतो. त्याने सुट्टी काढून टीव्हीला मोबाइल जोडून दिला होता. शेजारची चार माणसं होती. ड्रायव्हर आला होता; आता तो स्वतःची रिक्षा चालवतो. वैनींचा भाऊ खाडीवरून एसटीने आला होता, धुतलेला सदरा घालून. वयाने तो बहिणीहून मोठा, पण ताठ चालतो. त्याला टीव्हीसमोरची खुर्ची दिली.

"काय गो बाये," तो बसता बसता म्हणाला, "आज तरी बोलतले काय?"

"आज दुसरे बोलतले," वैनी म्हणाल्या. "तू आयक."

"मी आयकतंय. माझे कान बरे आसत."

अध्यक्षांच्या आसनावर बसलेल्यांनी प्रस्ताव वाचायला घेतला. चार दिवंगत सदस्य होते. आमचे तिसरे. पहिल्या दोघांना समाजकार्याची आवड निघाली. मग आमदारांचं नाव आलं. ते जरा चुकीच्या ठिकाणी तोडून वाचलं गेलं, पण आलं. शेजारचे लोक एकमेकांना खुणा करू लागले. वैनी उजवा कान पुढे करून वाकल्या. जन्म झाला. जुनी मॅट्रिक झाली. तळमळ झाली. त्यांच्या निधनाने एक अनुभवी लोकप्रतिनिधी आपल्यातून निघून गेला.

आणि पान उलटलं गेलं.

वैनी तशाच वाकलेल्या होत्या. चौथं नाव, पूर्व विदर्भातल्या त्या नमुन्यातल्या गृहस्थांचं, वाचलं जात होतं तेव्हा कोणीतरी शेजारणीला हळूच विचारत होतं की आमदारांचं नाव असं तोडून कशाला वाचलं. चौथ्या सदस्यांनाही समाजकार्याची आवड होती. त्यांनाही तळमळ होती. आणि मग टीव्हीतून, सावकाश, एकेक शब्द वेगळा काढून, वाक्य आलं: खाडीकाठचा बंधारा फुटून समुद्राचे खारे पाणी भातशेतीत शिरत असल्याचा प्रश्न त्यांनी सभागृहात प्रभावीपणे मांडला होता.

त्या दिवशी मी कोणती फाइल उघडली होती, ते मला तेव्हा कळलं.

वैनी सरळ झाल्या. त्यांनी आधी भावाकडे पाहिलं, मग आमच्या सगळ्यांकडे.

"आयकलात मां?" त्या म्हणाल्या, आणि थांबल्या.

मुलगा मोबाइलकडे बघत होता. ड्रायव्हर माझ्याकडे बघत होता. त्याचं तोंड अर्धवट उघडलेलं होतं. पण गाडीतही आधी मी म्हणायचो आणि मागून तो म्हणायचा. वैनी वाट पाहत होत्या. इथे बोलायला बंदी नव्हती.

"व्हय," मी म्हणालो.

"व्हय," ड्रायव्हर म्हणाला.

शेजारच्या माणसांनी माना हलवल्या. आता फक्त भाऊ राहिला. तो टीव्हीकडे बघत होता. चौथ्या माणसाचा फोटो अजून तिथे होता, त्याच्याखाली नाव होतं. मग त्याने माझ्याकडे पाहिलं, बराच वेळ. मग बहिणीकडे.

"व्हय गो बाये," तो म्हणाला. "बोललेत."

वैनी उठून आत गेल्या आणि चहाचं आधण ठेवल्याचा आवाज आला. टीव्हीवर सभागृह दोन मिनिटं स्तब्ध उभं राहिलं. ती दोन मिनिटं मी घड्याळात पाहिली नाहीत, पण चहा व्हायच्या आत ती संपली. बशी हातात देताना वैनींनी मला विचारलं की प्रभावीपणे म्हणजे काय. मी म्हणालो, चांगलं. त्यांनी भावाला एक लाडू जास्त दिला.

चौथे दिवंगत सदस्य ज्या जिल्ह्याचे होते, त्या जिल्ह्याला समुद्र नाही.